वाचकांचे प्रश्न : ओडेसाचे ब्लावात्निक, राधानगरीचं बॉक्साइट आणि देणगीचा करार

गेल्या अंकात लेन ब्लावात्निक यांच्यावर छोटं टिपण छापलं होतं. सोव्हिएत ओडेसात जन्म, शिक्षण अमेरिकेत, मुक्काम लंडनला. तेल, ॲल्युमिनियम, प्लास्टिकचा दाणा आणि संगीत यांतून अब्जावधी. आणि ऑक्सफर्ड-हार्वर्डला मोठाल्या देणग्या. त्यात एवढंच होतं. त्यावर आलेली बहुतेक पत्रं कोल्हापूरच्या शिरोली, गोकुळ शिरगाव आणि उद्यमनगर या औद्योगिक भागांतून आहेत, त्यामुळे प्रश्नही हिशेबाचेच आहेत. काही निवडून त्यांची उत्तरं देत आहोत.

प्रश्न : हातात काही नसताना परदेशी गेलेला माणूस वीस वर्षांत तेल कंपनी घेतो. भांडवल आलं कुठून?
— एक फाउंड्रीचालक, शिरोली

आधी तारखा सरळ लावून घेऊ. जन्म १४ जून १९५७. बालपण रशियातल्या यारोस्लाव्हल शहरात. मॉस्कोच्या रेल्वे अभियांत्रिकी संस्थेत प्रवेश मिळाला, पण ज्यू कुटुंबाने देश सोडायचं ठरवल्यामुळे पदवी अर्धवट राहिली. १९७८ मध्ये कुटुंब अमेरिकेला गेलं. तिथे कोलंबिया विद्यापीठातून संगणकशास्त्र, १९८४ मध्ये अमेरिकी नागरिकत्व, १९८६ मध्ये स्वतःची ॲक्सेस इंडस्ट्रीज ही गुंतवणूक कंपनी आणि १९८९ मध्ये हार्वर्डची एमबीए.

म्हणजे सोव्हिएत संघ १९९१ मध्ये कोसळला तेव्हा हा माणूस रशियन बोलणारा, हार्वर्ड शिकलेला आणि अमेरिकी पासपोर्ट बाळगणारा होता. असे लोक त्या वेळी हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. मॉस्कोतल्या कॉलेजचा मित्र व्हिक्टर वेक्सेलबर्ग तिथेच होता. दोघांनी रेनोव्हा नावाची कंपनी उभी केली.

१९९२ पासून रशियन सरकारने सरकारी कारखान्यांचे भाग वाटण्यासाठी प्रत्येक नागरिकाला १०,००० रूबल दर्शनी किमतीचं व्हाउचर दिलं. महागाईने लोकांची बचत धुऊन नेली होती, पगार थकले होते. लोकांनी व्हाउचरं मिळेल त्या भावाला विकली, कामगारांनी आपल्या कारखान्याचे शेअरही विकले. ज्याच्याकडे थोडं का होईना रोख चलन होतं, त्याला मोठे कारखाने पडत्या भावात मिळाले. तेव्हा भांडवल फार लागत नव्हतं, हे तुमच्या प्रश्नाचं पहिलं उत्तर. लागत होती ती जोखीम घेण्याची तयारी आणि ओळखी. त्या काळात रशियात ॲल्युमिनियमच्या धंद्यात खून पडत होते, हेही विसरू नये.

ॲल्युमिनियमच का, हे तुम्हाला वेगळं सांगायला नको. एक टन धातूला साधारण दोन टन ॲल्युमिना (बॉक्साइट शुद्ध करून मिळणारी पूड) लागतं, त्यासाठी चार-पाच टन बॉक्साइट खनिज, आणि वीज १३,००० ते १५,००० युनिट. ₹८ युनिटने धरलं तर टनामागे नुसतं वीजबिल लाखाच्या वर जातं. म्हणून आपल्या राधानगरी तालुक्यातल्या दुर्गमानवाडीचं बॉक्साइट बेळगावला ॲल्युमिना करायला जातं, पण भट्टी लावायची तर स्वस्त वीज शोधावी लागते. सैबेरियात ती अंगारा नदीवरच्या धरणांतून मिळत होती. इर्कुत्स्क आणि उराल इथल्या भट्ट्या एकत्र करून १९९६ मध्ये सुआल कंपनी झाली. बाकीचे व्यापारी तेव्हा जॉबवर्क करून घेत होते : ॲल्युमिना पार्टीचं, भट्टी रशियाची, कारखान्याला फक्त मजुरी आणि धातू थेट निर्यात. या पद्धतीत सर्वांत मोठे होते ते मुंबईत जन्मलेले रूबेन बंधू. वेक्सेलबर्ग-ब्लावात्निक यांनी मात्र खाणीपासून भट्टीपर्यंतची साखळीच ताब्यात घेतली. २००७ मध्ये सुआल, रुसाल ही दुसरी रशियन ॲल्युमिनियम कंपनी आणि ग्लेनकोर या स्विस व्यापारी कंपनीचा ॲल्युमिना धंदा एकत्र आले, त्यात सुआलवाल्यांचा वाटा २२ टक्के होता.

१९९६ मध्येच कझाकस्तानातली बोगातिर ही कोळशाची प्रचंड खुली खाण ॲक्सेसकडे आली. १९९७ मध्ये अल्फा हा रशियन उद्योगसमूह, ॲक्सेस आणि रेनोव्हा या तिघांच्या गटाने टीएनके या तेल कंपनीचा ४० टक्के हिस्सा सुमारे ८० कोटी डॉलरला घेतला.

प्रश्न : बीपीसारख्या ब्रिटिश तेल कंपनीशी ५०-५० भागीदारी करून हे लोक टिकले कसे? आमच्याकडे सख्ख्या भावांची टिकत नाही.
— एक सनदी लेखापाल, राजारामपुरी

टिकली कुठे? दहा वर्षांत मोडली. पण मोडताना रशियन बाजूने पुरेपूर किंमत वसूल केली, आणि ती एका कलमाच्या जोरावर.

२००३ मध्ये बीपीने टीएनकेच्या गटाबरोबर निम्म्या-निम्म्या वाट्याची टीएनके-बीपी कंपनी काढली. रशियन बाजूच्या ५० टक्क्यांत अल्फाचे २५, ॲक्सेसचे १२.५ आणि रेनोव्हाचे १२.५. निम्म्या-निम्म्या भागीदारीत निर्णायक मत कुणाकडेच नसतं, तेव्हा भांडण झालं की गाडा रुतलाच. २००८ मध्ये लाभांश किती घ्यायचा, रशियाबाहेर जायचं की नाही, परदेशी अभियंत्यांवर किती खर्च करायचा, यावर वाद पेटला. बीपीच्या अभियंत्यांचे व्हिसा अडले आणि मुख्य अधिकारी बॉब डडली यांना जुलै २००८ मध्ये देश सोडावा लागला.

खरा डाव २०११ चा. बीपीने जानेवारीत सरकारी कंपनी रोसनेफ्टशी परस्पर १,६०० कोटी डॉलरचा शेअर-अदलाबदलीचा करार केला. भागीदारांनी मूळ करार काढून दाखवला : रशियातली कोणतीही नवी संधी बीपीने आधी टीएनके-बीपीमार्फतच घ्यायची, असं त्यात होतं. लंडनच्या कोर्टाने स्थगिती दिली, प्रकरण लवादाकडे गेलं आणि मे महिन्यात रोसनेफ्टचा करार बारगळला. शेवटी मार्च २०१३ मध्ये रोसनेफ्टने सगळी टीएनके-बीपीच सुमारे ५,५०० कोटी डॉलरला घेतली. रशियन गटाला जवळपास २,८०० कोटी रोख मिळाले. १२.५ टक्क्यांच्या हिशेबाने ब्लावात्निक यांच्या वाट्याला सुमारे ७०० कोटी डॉलर येतात. २०१४ च्या उत्तरार्धात तेलाचे भाव कोसळले, त्याआधीच हे पैसे बाहेर पडले होते.

तुमच्या अशिलांच्या भागीदारी करारात तीन गोष्टी असतातच असं नाही, पण असाव्यात : हाच धंदा दुसरीकडे करायचा नाही हे कलम, मतं सम-समान पडली तर कोण ठरवणार, आणि एकाने बाहेर पडायचं ठरवलं तर किंमत कशी काढायची, मूल्यांकन कोणाचं, पैसे किती दिवसांत. तिसरं कलम नसेल तर उरलेली दोन नुसती कागदावर राहतात.

प्रश्न : लायंडेल कंपनी त्यांच्या हाती बुडाली आणि पुन्हा त्यांच्याच हाती वर आली असं वाचलं. हे कसं जमतं? आणि आपल्याकडे जमेल का?
— एक यंत्रभाग उत्पादक, उद्यमनगर

या माणसाची कारकीर्द एकाच व्यवहारावरून समजून घ्यायची तर तो हाच.

२००५ मध्ये ॲक्सेसने बासेल ही प्लास्टिकच्या दाण्याची युरोपीय कंपनी बीएएसएफ आणि शेल यांच्याकडून ४४० कोटी युरोला घेतली. डिसेंबर २००७ मध्ये त्या बासेलने अमेरिकेतली लायंडेल घेतली. शेअरला ४८ डॉलर, भागधारकांना सुमारे १,२७० कोटी आणि लायंडेलचं जुनं कर्ज धरलं तर एकूण व्यवहार २,००० कोटी डॉलरच्या आसपास. बहुतेक पैसा कर्जाचा, आणि ते कर्ज मालकाच्या नव्हे तर कंपनीच्याच डोक्यावर. यालाच लिव्हरेज्ड बायआउट म्हणतात : घेणारा थोडी स्वतःची रक्कम घालतो, बाकी कर्ज विकत घेतलेली कंपनी आपल्या कमाईतून फेडते. कमाई ठरल्याप्रमाणे आली तर मालकाचा पैसा कित्येक पट होतो. नाही आली तर व्याज थांबत नाही.

नाही आली. जुलै २००८ मध्ये कच्चं तेल १४७ डॉलरवर गेलं. रिफायनरीला तेवढंच तेल भरायला जवळपास दीडपट खेळतं भांडवल लागू लागलं. वर्षअखेरीस भाव ४० डॉलरच्या खाली आले, म्हणजे टाक्यांतल्या महाग मालाची किंमत पडली, आणि त्या मालाच्या तारणावर मिळणारी उचलही आटली. भाव चढताना आणि उतरताना, दोन्ही वेळा रोकड जाते ती अशी. त्यात जुलैमध्ये ह्यूस्टनच्या रिफायनरीत अजस्र क्रेन कोसळून चार कामगार दगावले, सप्टेंबरमध्ये आईक चक्रीवादळाने टेक्सासचे कारखाने बंद पाडले, आणि पाठोपाठ लेहमन ही अमेरिकी बँक बुडाल्याने मोटारी आणि घरांची मागणीच गेली. जानेवारी २००९ मध्ये अमेरिकी शाखेने दिवाळखोरी संरक्षण मागितलं. ॲक्सेसचे जुने शेअर शून्य झाले.

बहुतेक मालक इथे हात झटकतात. ब्लावात्निक परत आले. एप्रिल २०१० मध्ये कंपनी बाहेर आली तेव्हा बहुतेक कर्जाचं रूपांतर शेअरमध्ये झालं होतं आणि नवे शेअर १०.६१ डॉलरने विकून २८० कोटी डॉलर उभे केले गेले. त्यात अपोलो आणि एरेस या गुंतवणूक कंपन्यांबरोबर ॲक्सेसने पैसा घातला. पुढे अमेरिकेत शेल गॅसमुळे (खडकाच्या थरांतून काढलेला वायू, शेल कंपनीशी संबंध नाही) इथेन हा प्लास्टिकचा कच्चा माल स्वस्त झाला. इतर देशांतले कारखाने तेलापासूनचा महाग नाफ्था फोडत असताना टेक्सासचे कारखाने स्वस्त इथेनवर चालू लागले आणि २०१४ मध्ये शेअर १०० डॉलरच्या वर गेला. कारखाने तेच होते. फरक पडला तो कर्ज उतरल्याने आणि कच्च्या मालाच्या भावाने. यात नशिबाचा वाटा नव्हता असं कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका. मूळ खरेदीने कंपनी बुडवली म्हणून धनकोंच्या वतीने अब्जावधींचा दावाही झाला. २०१७ मध्ये न्यायाधीशांनी त्यातला मोठा भाग फेटाळून फक्त १.२६ कोटी डॉलर मंजूर केले.

आपल्याकडे? मोठ्या कंपनीला बहुधा नाही. दिवाळखोरी संहितेच्या २९ए कलमाने, ज्याचं खातं वर्षभर एनपीए (थकीत कर्ज) आहे त्या प्रवर्तकाला आपलीच कंपनी लिलावात परत घेता येत नाही. पण सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांना २४०ए कलमाने यातून सवलत आहे, आणि ती उद्यमनगरातल्या बऱ्याच जणांना माहीत नसते. अट अशी की तुमच्यावर हेतुपुरस्सर कर्जबुडव्याचा शिक्का नसावा आणि उद्यम नोंदणी असावी. दिवाळखोरीचा अर्ज दाखल होण्याआधीच ही नोंदणी करून ठेवा. प्रकरण सुरू झाल्यावर काढलेल्या प्रमाणपत्रावरून न्यायाधिकरणात वाद होतात. दुसरा मोठा फरक वैयक्तिक हमीचा. ब्लावात्निक यांच्या कंपनीचं कर्ज कंपनीचंच होतं. आपल्याकडे बँक मालकाची, बायकोची, कधी भावाचीही सही घेते, आणि कंपनीचा तोडगा निघाला तरी हमी सुटत नाही. हमीपत्रावर सही करताना रकमेची मर्यादा लिहून घ्या, एवढं तरी मागता येतं.

प्रश्न : आमच्या दाण्याशी यांचा काही संबंध?
— इंजेक्शन मोल्डिंग व्यावसायिक, गोकुळ शिरगाव

आहे, तंत्रज्ञानाचा. पॉलिप्रॉपिलीन १९५४ मध्ये इटलीत जुलिओ नात्ता यांनी शोधलं, त्याबद्दल १९६३ मध्ये त्यांना कार्ल त्सीग्लर यांच्यासोबत नोबेल मिळालं. ती परंपरा बासेलकडे आली. बासेलची स्फेरिपोल ही प्रक्रिया पॉलिप्रॉपिलीनसाठी जगात सर्वाधिक परवाने दिलेल्या प्रक्रियांपैकी आहे. तेव्हा पोत्यावर नाव देशी कंपनीचं असलं तरी रिॲक्टरचा आराखडा आणि कॅटॅलिस्ट (उत्प्रेरक) यांची रॉयल्टी बाहेर गेलेली असू शकते.

प्रश्न : वॉर्नर म्युझिक शेअर बाजारात आहे, मग ते मालक कसे?
— एक वाचक, इचलकरंजी

२०११ मध्ये शेअरला ८.२५ डॉलर, एकूण ३३० कोटी डॉलर देऊन ती कंपनी घेतली. पायरसीमुळे संगीताचा धंदा संपला असं सगळे म्हणत होते तेव्हा. २०१३ मध्ये पार्लोफोन हे लेबल जोडलं, मग स्ट्रीमिंग आलं. जून २०२० मध्ये २५ डॉलरने शेअर विकले आणि १९० कोटींहून जास्त रक्कम जमली. ती कंपनीत नाही, विकणाऱ्या मालकाच्या खिशात गेली. बाजारात आलेल्या ‘अ’ शेअरला एक मत आहे आणि ॲक्सेसकडे ठेवलेल्या ‘ब’ शेअरला २० मतं. म्हणून लोकांचा पैसा आत आला, निर्णय बाहेर गेले नाहीत. सेबीने २०१९ मध्ये असे शेअर मान्य केले, पण फक्त तंत्रज्ञानावर उभ्या कंपन्यांना आणि जास्तीत जास्त १० मतांपर्यंत.

प्रश्न : सरळ सांगा, ते ऑलिगार्क आहेत की नाहीत?
— एक निवृत्त प्राध्यापक, ताराबाई पार्क

ऑलिगार्क म्हणजे सत्तेच्या जवळिकीतून गब्बर झालेला रशियन धनाढ्य. ब्लावात्निक स्वतः हा शब्द नाकारतात. म्हणणं असं की आपण अमेरिकी आणि ब्रिटिश नागरिक, रशियाच्या राजकारणात कधीच नव्हतो. २०१७ मध्ये ब्रिटनने त्यांना परोपकाराबद्दल सर किताब दिला. दुसरी बाजू अशी : २०१५ मध्ये काही विद्वान आणि रशियन विरोधकांनी टीएनके-बीपीच्या वादाचा हवाला देत ऑक्सफर्डने त्यांचा पैसा घेतल्याबद्दल जाहीर पत्र लिहिलं. २०१७ मध्ये ट्रम्प यांच्या शपथविधी समारंभाला त्यांनी दहा लाख डॉलर दिले, म्हणून बो रोथस्टाइन या प्राध्यापकांनी ऑक्सफर्डच्या, ब्लावात्निक यांच्या नावाच्या संस्थेतून राजीनामा दिला. वेक्सेलबर्ग यांच्यावर अमेरिकेने एप्रिल २०१८ मध्ये निर्बंध घातले. ब्लावात्निक यांच्यावर डिसेंबर २०२३ मध्ये निर्बंध घातले ते युक्रेनने, म्हणजे जन्मभूमीनेच (ओडेसा आता युक्रेनमध्ये आहे).

आमचं मत : पहिली संपत्ती रशियन खासगीकरणातून आली आणि ते खासगीकरण न्याय्य नव्हतं. नंतरची बरीचशी न्यूयॉर्क-लंडनच्या बाजारात, उघड व्यवहारांतून आली. दोन्ही वाक्यं खरी आहेत. एकाने दुसरं पुसलं जात नाही.

प्रश्न : त्यांच्या नावाच्या ऑक्सफर्डच्या संस्थेत शिवाजी विद्यापीठाचा विद्यार्थी जाऊ शकतो का?
— एक विद्यार्थिनी, गडहिंग्लज

जाऊ शकते. ब्लावात्निक स्कूल ऑफ गव्हर्नमेंटसाठी २०१० मध्ये ७.५ कोटी पौंडांची देणगी जाहीर झाली आणि २०१२ मध्ये ३८ विद्यार्थ्यांची पहिली तुकडी आली. मुख्य अभ्यासक्रम मास्टर ऑफ पब्लिक पॉलिसी, पूर्णवेळ एक वर्ष. पदवी कोणत्याही विषयाची चालते, पण वरच्या श्रेणीची हवी. आयईएलटीएस या इंग्रजीच्या परीक्षेत एकूण ७.५ आणि प्रत्येक भागात किमान ७; एकूण ८ असूनही लेखनात ६.५ पडल्याने अडकणारे पुष्कळ. शिफारसपत्रं तीन लागतात. ती सरांच्या खासगी ई-मेलवरून नव्हे, कॉलेजच्या अधिकृत पत्त्यावरून जावीत, आणि ‘अत्यंत हुशार व नम्र’ एवढ्यावर भागत नाही. तुम्ही नेमकं काय काम केलं ते त्यात दिसलं पाहिजे. हेतुपत्रातही ‘देशसेवा करायची आहे’ याऐवजी एक प्रश्न घ्या, उदाहरणार्थ पंचगंगेच्या पूररेषेतली बांधकामं, आणि त्यावर काय वाचलं, काय केलं ते लिहा.

पैशाचा विचार आधी करा. चेव्हनिंग या ब्रिटिश सरकारच्या शिष्यवृत्तीला पदवीनंतरचा २,८०० तासांचा कामाचा अनुभव लागतो आणि तिचा अर्ज शरद ऋतूतच बंद होतो, ऑक्सफर्डचा प्रवेश हाती येण्याच्या कितीतरी आधी. अनुसूचित जाती व नवबौद्ध विद्यार्थ्यांसाठी राज्य शासनाची राजर्षी शाहू महाराज परदेश शिष्यवृत्ती आहे, पदव्युत्तरसाठी वयोमर्यादा ३५. तिला जागतिक क्रमवारीची अट आहे, ऑक्सफर्ड तीत सहज बसतं. उत्पन्नाची मर्यादा शासन निर्णयागणिक बदलते, त्या वर्षाची जाहिरातच वाचा आणि दाखला आधी काढून ठेवा.

प्रश्न : आम्हा चार भावंडांना वडिलांच्या नावाने गावच्या शाळेला दहा लाख द्यायचे आहेत. एवढे मोठे दाते करार कसा करतात?
— एक वाचक, कागल

ब्लावात्निक यांच्या देणग्यांत एक गोष्ट ठळक आहे : दुसऱ्या बाजूलाही काही घालायला लावलेलं असतं. ऑक्सफर्डने त्या संस्थेसाठी जमीन आणि वर २.६ कोटी पौंड दिले. हार्वर्ड मेडिकल स्कूलला २०१८ मध्ये दिलेले २० कोटी डॉलर संशोधन आणि त्यातून औषधं घडवण्याच्या कामाला बांधलेले होते. शाहू महाराजांच्या काळातली कोल्हापूरची वसतिगृहंही नुसत्या इमारतींवर टिकली नाहीत, जागेबरोबर दरवर्षीच्या उत्पन्नाची सोय लावलेली होती.

तुमच्यापुरतं : शाळा जिल्हा परिषदेची असेल तर इमारतही तिचीच. नुसतं शाळा व्यवस्थापन समितीच्या ठरावावर खोली बांधायला घेऊ नका, परवानगी लेखी घ्या. ट्रस्टची शाळा असेल तर देणगीपत्रात ‘ही रक्कम कॉर्पस म्हणून’ (कॉर्पस म्हणजे कायम ठेवायचं मुद्दल) असं स्पष्ट लिहा. ते शब्द नसतील तर संस्था ती साधं उत्पन्न धरून दोन वर्षांत खर्चून टाकू शकते. दहा लाखांवर ७ टक्के व्याज धरलं तर वर्षाला ७०,००० येतात. त्यातले ४०,०००च खर्च करायचे आणि ३०,००० मुद्दलात मिळवायचे असं लिहून घ्या, म्हणजे महागाईने शिष्यवृत्ती झिजणार नाही. खोलीच बांधायची असेल तर दहापैकी दीड लाख दुरुस्तीसाठी बाजूला ठेवा. कौलं आणि रंग यांना दाता कधीच मिळत नाही. रक्कम टप्प्यांनी द्या : पाया, छत, ताबा. नावाची पाटी किती वर्षं, इमारत पाडली तर नवीन इमारतीला नाव लागणार का, आणि दोन्हीकडच्या कुणाची बदनामी झाली तर पाटी काढायची का, हेही आत्ताच ठरवा. नंतर ते भांडणाशिवाय ठरत नाही.

करसवलत हवी असेल तर संस्थेची ८०जी नोंदणी चालू आहे का ते पाहा. सवलत बहुधा ५० टक्के, तीही तुमच्या एकूण उत्पन्नाच्या १० टक्क्यांच्या मर्यादेत आणि फक्त जुन्या करप्रणालीत. चौघांनी आपापल्या खात्यातून स्वतंत्र धनादेश दिलेत तर प्रत्येकाला आपली मर्यादा वापरता येईल. ₹२,००० च्या वर रोख दिलं तर काहीच मिळत नाही, आणि गावाकडे सर्रास होतं तसं विटा, सिमेंट किंवा संगणक वस्तुरूपाने दिलेत तरी नाही. दुकानदाराला परस्पर पैसे देऊ नका. संस्थेच्या खात्यात भरा आणि खरेदी संस्थेला करू द्या.